भिंतीवरची बातमी

वैशाखातली दुपार होती. दारव्ह्याच्या बाजारओळीत, भांड्यांच्या दुकानामागच्या टिनाच्या छपराखाली, साप्ताहिक 'नवी पेरणी'चे संपादक सदाशिवराव लग्नांच्या बातम्या निवडत बसले होते. छप्पर असं तापलेलं की खाली बसणाऱ्याच्या डोक्याचं पाणी व्हावं. पण सदाशिवराव खुशीत होते. लग्नसराई आली की ते खुशीतच असायचे, कारण लग्नसराईत 'नवी पेरणी'चं तिसरं पान भरून वाहायचं.

त्या पानावर 'आदर्श विवाह' नावाचं सदर होतं. ते कसं सुरू झालं ते सांगितलंच पाहिजे, नाहीतर सदाशिवरावांवर अन्याय होईल, आणि माणूस तसा वाईट नव्हता. काही वर्षांपूर्वी दिग्रसकडच्या एका तरुण मास्तरानं सासऱ्यानं पुढं केलेलं धोतरसुद्धा परत केलं आणि नारळ-सुपारीवर लग्न लावलं. सदाशिवराव तिथं हजर होते. घरी येऊन त्यांनी जे लिहिलं ते इतकं मनापासून उतरलं होतं, की गावोगावच्या चावडीवर ते मोठ्यानं वाचलं गेलं. मग आणखी कुणी तसं लग्न केलं, तेही छापलं. सुरुवातीला सदाशिवराव प्रत्येक लग्नाला स्वतः जायचे, चार जणांना विचारायचे. पुढं जाणं जमेना, तेव्हा नुसत्या चौकशीवर भागवू लागले. त्याच्याही पुढं चौकशी सुटली. बातमी आणणारा माणूस गावातला प्रतिष्ठित, त्याला 'खरं का हो?' असं तोंडावर कसं विचारायचं?

आणि आता तर हुंडाबंदीचा कायदा झाला होता. कायदा आला तसा या सदराचा भाव असा वधारला की विचारू नका. घेणारा घेतच होता. फक्त घेऊन झाल्यावर मुलीच्या बापाला बजावायचा, की घेतलं नाही असं पेपरात छापून आणायचं कामही तुमचंच. म्हणजे बिचाऱ्यानं द्यायचंही, आणि दिलं नाही म्हणून जगाला सांगायचंही. सदाशिवरावांना हे माहीत नव्हतं का? कानावर आलं होतं. कानावर आलेलं कानावरच ठेवायचं, आत उतरू द्यायचं नाही, ही कला त्यांना हळूहळू साधली होती.

त्यात छापखान्याची सोय अशी, की छपाईच्या अक्षरांचे खिळे जुळवणाऱ्या गफ्फारभाईंनी त्या सदराच्या ओळी कायमच्या जुळवून, सुतळीनं करकचून बांधून फळीवर ठेवल्या होत्या. 'हुंडा, आहेर, मानपान यांपैकी काहीही न स्वीकारता हा विवाह अत्यंत साधेपणाने पार पडला. वरपित्याचा हा आदर्श समाजाने घ्यावा.' दर वेळी नवे खिळे कोण जुळवत बसणार? दोन नावं आणि दोन गावं बदलली की आदर्श विवाह तयार. गफ्फारभाई दारातूनच विचारायचे, "साहेब, नाव सांगा फकत. बाकी समदं बांधून ठेवलं हाय."

त्या दुपारी निवडलेल्या बातम्यांत बोरी अरबच्या बापूजींच्या कोकिळेची बातमी नव्हती, कारण ते लग्न अजून व्हायचं होतं. बापूजी म्हणजे सदाशिवरावांचा शाळेतला सोबती. कोकिळा लहानपणी त्यांच्या खांद्यावर बसून जत्रेत फिरलेली, त्यांना काका म्हणणारी पोर. तिला बाभुळगावचं स्थळ मिळालं होतं. सासरा पुंडलिकराव मोठा कास्तकार, मुलाचं नाव उत्तम, मॅट्रिकपर्यंत शिकलेला. या लग्नाला मात्र जायलाच हवं होतं, आणि सदाशिवराव पत्नी बेबीताईंना घेऊन गेले.

मांडव झकास होता. संपादक म्हणून सदाशिवरावांना पुढची जागा, गुलाबपाणी, पानाचा विडा सगळं मिळालं. जेवणाआधी हात धुवायला ते मांडवामागं गेले, तर निंबाखाली बापूजींची गवळाऊ बैलजोडी बांधलेली. पांढरीशुभ्र, शिंगं रंगवलेली, अंगावर नवी झूल, गळ्यात नवे घुंगरू. शेजारी पुंडलिकरावांचा गडी उभा राहून दावी सोडण्याची तयारी करत होता. सदाशिवराव शेतकऱ्याच्या घरचे. राहवलं नाही, त्यांनी एका बैलाच्या पाठीवरून हात फिरवला. बैलाची कातडी हाताखाली थरथरली.

तेवढ्यात बापूजी जवळ आला. चेहरा ओढलेला होता. इकडंतिकडं पाहून हळूच म्हणाला, "भाऊ, तुमच्यापासून काय लपवू? ह्या सोयऱ्याईनं..."

"बापूजी," सदाशिवरावांनी त्याला मध्येच थांबवलं, "आज शुभ दिवस हाय. मले काही सांगू नका. बातमी मी लावतोच, तुमी बेफिकीर राहा."

बापूजीनं तोंड मिटलं. मान हलवली आणि तो पंगतीकडं गेला.

परतीच्या मोटारीत बेबीताईंनी विषय काढला. म्हणाल्या, "अजी, बापूजीची बैलजोडी बाभुळगावच्या बंडीले जुपली होती. आन नाल्याकाठचं वावरबी करून देनार म्हनत, बाया बोलून राह्यल्या होत्या." सदाशिवराव खिडकीबाहेर पाहत म्हणाले, की लेकीला बापानं प्रेमानं काही दिलं तर त्याला हुंडा म्हणत नाहीत. नवऱ्याचं तोंड खिडकीकडं वळलं की बोलण्यात अर्थ नसतो, हे बेबीताईंना संसारानं शिकवलं होतं. पुढच्या अंकात सुतळी सुटली, नावं बदलली, सुतळी पुन्हा बांधली गेली.

पावसाळा आला. राखीला कोकिळा माहेरी आली ती पत्र्याच्या पेटीसकट आली. पुंडलिकरावांनी सांगून पाठवलं होतं, की नाल्याकाठचं वावर नावावर झाल्याशिवाय सुनेला परत धाडू नका. वावर दिवाळीनंतर करून द्यायचं ठरलं होतं. त्यांना तेवढा दम निघाला नाही. आईनं न्हाऊ घालायला बसवलं तेव्हा कोकिळेच्या पाठीवर बैल हाकायच्या तुतारीचे वळ दिसले. उत्तमनं मारलं होतं. मॅट्रिकपर्यंत शिकलेल्या उत्तमनं.

मग पोळा आला. बोरी अरबच्या आखरावर, गुरं गोळा होतात त्या मोकळ्या जागेत, गावचे बैल सजून उभे राहिले, तोरणाखालून निघाले, घरोघरी पुरणाचा नैवेद्य दाखवला गेला. बापूजीच्या दारात त्या दिवशी ओवाळायला बैल नव्हता. बायकोनं आरतीचं ताट तयार केलं होतं, ते तसंच चुलीजवळ ठेवून दिलं. त्यांचे बैल त्या वेळी बाभुळगावात मिरवत होते. बापूजी दिवसभर घराबाहेर निघाला नाही. दुसऱ्या दिवशी मात्र तो दारव्ह्याला छापखान्यात येऊन उभा राहिला. त्याचं म्हणणं साधं होतं. बाभुळगावात जातीच्या जाणत्या लोकांची बैठक ठरली आहे, तुम्ही सोबत चला. तुम्ही मोठी माणसं, पुंडलिकराव तुमचा शब्द खाली पडू देणार नाहीत.

सदाशिवराव निघाले ते चांगल्या तावात निघाले. वाटेत बापूजीनं सगळं सांगितलं, या वेळी त्यांनी ते ऐकून घेतलं. वळांचं ऐकून त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं. पुंडलिकरावांना काय काय ऐकवायचं त्याची वाक्यं ते मनात जुळवत होते, आणि वाक्यं जुळवण्यात ते पटाईत होतेच.

बैठक पुंडलिकरावांच्याच बैठकीच्या खोलीत भरली. गादी-लोड, पानाचं तबक, भिंतीवर देवांच्या तसबिरी. बापासोबत आलेली कोकिळा दाराआड बायकांत बसली होती. बापूजीनं उभं राहून सांगितलं, बैलजोडी घेतली, आता वावर मागतात, पोरीला मारतात. जाणते ऐकत होते. पुंडलिकराव अजिबात रागावले नाहीत. ते उठले, देवांच्या रांगेतली एक तसबीर काढली, धोतराच्या सोग्यानं काच पुसली आणि सगळ्यांच्या मधोमध आणून ठेवली.

चौकटीत 'नवी पेरणी'चं कात्रण होतं. चारी बाजूंनी सोनेरी कागद लावून, काचेत बसवलेलं.

"वाचा," पुंडलिकराव म्हणाले. "काहीही न स्वीकारता. हे मी नाही लिहिलं. हे लिहिनारे तुमच्यापुढंच बसून हायेत." मग ते सदाशिवरावांकडं वळले, अगदी नम्रपणानं. "भाऊसाहेब, खोटं हाय म्हना. मी आत्ताच्या आत्ता काच फोडतो."

खोलीतलं प्रत्येक तोंड सदाशिवरावांकडं वळलं. आता एकच शब्द बोलायचा होता. खोटं. एवढाच शब्द. तो शब्द उच्चारला असता तर कोकिळेची बाजू खरी ठरली असती, आणि तो उच्चारण्यासाठीच बापूजीनं त्यांना आणलं होतं. पण सदाशिवरावांना त्या वेळी कोकिळा दिसली नाही. त्यांना दिसल्या त्या यवतमाळपासून पुसदपर्यंतच्या भिंती आणि त्यांच्यावरच्या अशाच चौकटी. एक खोटी ठरली तर बाकीच्यांचं काय? 'नवी पेरणी'चं काय? त्यांच्या तोंडातून शब्द आले ते असे:

"मले जशी माहिती भेटली, तशी मी छापली."

"म्हंजे खरं हाय," एक जाणता म्हणाला.

सदाशिवराव काही बोलले नाहीत. अहो, माणूस खोटं बोलला असता तरी परवडलं असतं. गप्प बसला.

निकाल व्हायला वेळ लागला नाही. बापूजीनं भल्या घराण्यावर तोहमत घेतली, तर त्यानं हात जोडून माफी मागावी. भाद्रपदातल्या महालक्ष्म्यांचा सण उरकला, महालक्ष्म्या उठल्या की पुंडलिकराव माणसं घेऊन येतील, त्यांच्यासोबत लेकीला नांदायला पाठवावं. आणि वावराचं म्हणाल तर तो हुंडा नव्हे, बापानं राजीखुशीनं द्यायची गोष्ट आहे, तेव्हा राजीखुशीनं देऊन टाकावं. बापूजीनं तिथल्या तिथं हात जोडले. तसबीर पुन्हा देवांच्या रांगेत गेली.

परतीच्या मोटारीत तिघं एकाच बाकावर. बापूजी डोळे मिटून बसला होता, झोपला नव्हता. यवतमाळ मागं पडलं. मग कोकिळा बोलली, खाली मान घालूनच, आवाज न चढवता.

"काका, मांडवामागं तुमी बैलाच्या पाठीवरून हात फिरवला होता. मी खिडकीतून पाहून राह्यली होती. मले वाटलं, काकाले दिसलं. आता काका काही तरी करतीन."

सदाशिवराव खिडकीबाहेर पाहायला वळले आणि त्यांच्या लक्षात आलं, की बेबीताईंनी विचारलं होतं तेव्हाही आपण असेच खिडकीकडं वळलो होतो. मग त्यांनी मान परत फिरवली आणि दारव्ह्यापर्यंत आपल्या हातांकडं पाहत बसले. या हातांनी काय काय लिहिलं होतं. स्त्रीशिक्षणावर अग्रलेख, हुंड्यावर अग्रलेख. आणि हाच हात त्या बैलाच्या पाठीवरून फिरला होता.

घरी आल्यावर त्यांनी बेबीताईंना घडलं ते सांगितलं, 'मी गप्प बसलो' हेही सांगितलं. बेबीताईंनी जेवायला वाढलं. ताट तसंच राहिलं. 'मी म्हटलं नव्हतं का' असं त्या म्हणाल्या असत्या तर सदाशिवरावांना बरं वाटलं असतं. पण त्या म्हणाल्या नाहीत.

सकाळी छापखान्यात येताच त्यांनी गफ्फारभाईंना फळीवरच्या ओळी काढायला लावल्या आणि स्वतः सुतळी कापली. खिळे मोकळे झाले, टेबलावर पसरले. सदाशिवराव एकेक खिळा उचलून खणांत टाकू लागले. सवय नव्हती, निम्मे भलत्याच खणांत पडत होते. गफ्फारभाई म्हणाले, राहू द्या साहेब, मी करतो. सदाशिवरावांनी ऐकलं नाही. मग त्यांनी मजकूर लिहिला. फार लांब नव्हता. कोकिळेच्या लग्नाची बातमी खोटी होती. ती छापण्याआधी मला बैलजोडी दिसली होती. मुलीचा बाप खरं सांगायला आला होता, मी त्याला थांबवलं. या सदरातल्या आणखी किती बातम्या खोट्या असतील ते मला माहीत नाही, कारण मी पाहिलंच नाही. खाली सही. पहिल्या पानावर, मोठ्या खिळ्यांत.

आता तुम्हाला वाटेल, अंक निघाला आणि गावोगाव वाहवा झाली. छे. पहिल्यांदा आले ते वर्गणीदार, वर्गणी बंद करायला. त्यांचं काही नाही. पण त्यांच्या मागून आले ते मुलींचे बाप. एक जण दारातच रडायला लागला. त्याच्याही लेकीची बातमी छापली होती, आणि आता जावयाला वाटत होतं की सासऱ्यानंच चुगली केली. "आमच्या पोरीचं कसं होईल आता?" तो विचारत होता. ज्यांच्यासाठी सदर सुरू केलं, तेच हात जोडून पुढं उभे, की काहीही करा पण खरं छापू नका. त्याच आठवड्यात बेबीताईंनी आणलेला चिवडा त्याच अंकाच्या कागदात बांधलेला आला. खोटं काचेत गेलं होतं आणि खरं चिवड्याला.

महालक्ष्म्या उठल्या. ठरल्याप्रमाणे पुंडलिकराव दोन जाणत्यांना आणि उत्तमला घेऊन बोरी अरबला आले. सदाशिवराव आधीच येऊन ओसरीवर बसले होते. चहा झाला. मग सदाशिवरावांनी अंक काढला आणि आपला मजकूर सगळ्यांसमोर वाचून दाखवला. खालच्या सहीपर्यंत, एकही ओळ न गाळता.

पुंडलिकरावांनी शांतपणे ऐकलं. "भाऊसाहेब, तवा खोटं लिहिलं का आता?"

"तवा."

"मंग आता खरं लिहिलं, हे कशावरून?"

सदाशिवरावांनी अंकाची घडी घातली. कशावरून? त्यांचाच शब्द, आणि तो शब्द त्यांनीच वर्षानुवर्षं सुतळीनं बांधून वाटला होता. जाणत्यांनी एकमेकांकडं पाहिलं. एक जण म्हणाला, पेपरवाल्याचं काय धरता, निकाल तो निकाल. बापूजी उठला. जड पायांनी आत गेला आणि कोकिळेची पेटी उचलून ओसरीवर घेऊन आला.

त्याच्या मागोमाग कोकिळा आली. डोक्यावर पदर होता, पण ती दाराआड थांबली नाही. ओसरीच्या मधोमध येऊन तिनं बापाच्या हातातून पेटी घेतली आणि खाली ठेवली.

"मी जात नाही," ती म्हणाली.

उत्तम पुढं सरकला. पुंडलिकरावांनी त्याला हातानं मागं केलं आणि हसून म्हणाले, पेपरात छापून आल्यावर पोट्टीले जोर आला.

"नाही मामाजी," कोकिळा म्हणाली. "काकाच्या पेपरात आलं म्हनून नाही. नसतं आलं तरी जात नव्हती. माही पाठ मले माहीत हाय, तिले कोनाची सही कायले पाहिजे? बाबा, वावर देऊ नका. बैल गेले तेवढे गेले."

मग ती सदाशिवरावांकडं वळली. राग नव्हता तिच्या तोंडावर, आणि तेच त्यांना सोसवेना. "काका, तुमी आता छापलं ते बरं केलं. पन बैठकीत एक शब्द बोलले असते, त मले आज हे एवढ्या मानसाईसमोर बोलावं लागलं नसतं."

ती पेटी उचलून आत गेली. बापूजी दारात आडवा बसला. आयुष्यात पहिल्यांदा तो कुणासमोर हात न जोडता बसला होता. थोडा वेळ वाट पाहून बाभुळगावची मंडळी निघून गेली.

कोकिळा गेली नाही. गावानं तिला टाकलेली म्हटलं, तिनं ऐकून घेतलं, आणि कपाशीच्या वावरात बापाच्या बरोबरीनं राबू लागली. बैल परत आले नाहीत. पुढच्या पोळ्यालाही बापूजीचं दार रिकामंच होतं, पण त्या दिवशी तो लेकीला घेऊन आखरावर गेला आणि लोकांचे बैल पाहून आला.

'आदर्श विवाह' सदर बंद झालं नाही. बेबीताई म्हणाल्या होत्या, बंद करू नका, बंद केलं तर सुटल्यासारखं होईल. त्याचं शीर्षक आजही तिसऱ्या पानावर येतं आणि बहुतेक आठवड्यांत त्याखाली एवढंच असतं: 'आम्ही स्वतः जाऊन खात्री केलेला विवाह या आठवड्यात नाही.' बाकी जागा कोरी. बातमी घेऊन येणारे असतातच. सदाशिवराव त्यांना बसवतात आणि म्हणतात, मुलीच्या बापाला आणा, त्याला काय सांगायचं ते मला ऐकायचं आहे. तेवढं ऐकलं की बहुतेक जण पुन्हा फिरकत नाहीत.

आणि बाभुळगावच्या त्या बैठकीच्या खोलीत ती चौकट अजून देवांच्या रांगेत आहे. पाहुणा आला की त्याला ती दाखवतात, काच पुसून. खाली सदाशिवरावांचं नाव आहे, ते काढायची सोय नाही. तुमच्या नात्यागोत्यातही अशी एखादी चौकट असेल. असली तर पुढच्या वेळी तिच्यापुढं कौतुकानं मान हलवण्याआधी, त्या घरच्या सुनेला काही सांगायचं आहे का, तेवढं एकदा विचारून पाहा. आणि ती सांगू लागली, तर तिला थांबवू नका.